धीर धरा म्हणणारा मी

१९७७ च्या मार्चमध्ये देशाने हुकूमशाही मतपेटीतून हाकलली आणि आमच्या भागाने त्याच आठवड्यात तिच्या गळ्यात हार घातला, असं मी जन्मभर मानत आलो. नुसतं मानलं असतं तर एक वेळ चाललं असतं. मी मास्तर, मी ते शिकवलं. नरखेड तालुक्यातल्या शाळेत आणीबाणीचा धडा आला की मी भारताचा नकाशा टांगायचो. उत्तर प्रदेश, बिहार, पंजाब, हरियाणा, दिल्ली इथे काँग्रेसला भोपळा. देशात जनता पक्षाला २९५, काँग्रेसला १५४. महाराष्ट्रातसुद्धा ४८ पैकी काँग्रेसच्या वाट्याला २०. मग बोट आमच्याकडे यायचं. नागपुरात गेव्ह आवारी, रामटेकला जतिराम बर्वे, वर्ध्याला संतोषराव गोडे, तिघेही काँग्रेसचे. आणि नरखेडहून इटारसीकडे निघालं की राज्याची हद्द ओलांडल्यावर पांढुर्णा, म्हणजे छिंदवाडा मतदारसंघ. अख्ख्या मध्य प्रदेशात काँग्रेसला मिळालेली ती एकमेव जागा. "सगळा उत्तर भारत जागा झाला तेव्हा आपण झोपलो होतो," हे माझं ठरलेलं वाक्य. पोरं ते वहीत उतरवून घेत.

आज मी तसं म्हणणार नाही. त्याहून महत्त्वाचं म्हणजे, १९७७ नंतरच्या दोन-तीन वर्षांत मी जे म्हणत होतो तेही म्हणणार नाही. मतदानाबद्दलचं मत बदलणं सोपं गेलं. दुसरं जड गेलं, कारण त्यात आमची बाग होती.

थोडं मागे जातो. आणीबाणी आली तेव्हा मी नागपुरात कॉलेजात होतो. नरखेड तेव्हा काटोल तालुक्यात. गावाकडे बाबांची संत्र्याची बाग आणि थोडी कपाशी. २६ जून १९७५ च्या सकाळी इंदिराबाई रेडिओवर बोलल्या, ४ जुलैला संघावर बंदी आली, आणि नागपुरात कोण उचललं गेलं याची कुजबुज हॉस्टेलच्या खोल्याखोल्यांत सुरू झाली. मी संघाचा नव्हतो, समाजवादी मित्रांत वावरणारा होतो, पण त्या दिवसांत तो फरक कुणी काढत नव्हतं. मिसाखाली धरलेल्यांच्या अर्जांवर आमच्याच नागपूर खंडपीठाने त्यांच्या बाजूचा निकाल दिला तेव्हा आम्ही सीताबर्डीवर चहा वाटला होता. मग २८ एप्रिल १९७६ ला सर्वोच्च न्यायालयाने असे सगळे निकाल उलटवले, न्या. एच. आर. खन्ना एकटे विरोधात राहिले. पवनारहून विनोबांचे 'अनुशासन पर्व' हे शब्द आले होते, त्यांचा राग मनात होता. पुढे त्याच पवनारच्या आश्रमात शिरून पोलिसांनी 'मैत्री'चे अंक जप्त केले, आणि ऑक्टोबर १९७६ मध्ये वर्ध्याजवळ सुरगावला प्रभाकर शर्मा या सर्वोदयी कार्यकर्त्याने निषेध म्हणून स्वतःला जाळून घेतलं. ही बातमी छापून आली नाही. तोंडातोंडी आली, आणि कितीतरी दिवस आम्हाला ती खरी की खोटी हेच कळेना.

म्हणून १८ जानेवारी १९७७ ला निवडणूक जाहीर झाली तेव्हा मी अभ्यास सोडून गावाकडे आलो आणि जनता पक्षाच्या प्रचाराला लागलो. चक्रातला नांगरधारी शेतकरी ही आमची निशाणी, समोर गाय-वासरू. मार्चचे दिवस, मृग बहाराची तोडणी चालू. बागेत दुपारच्या भाकरीला बसलेल्या मजुरांपुढे मी उभा राहायचो आणि मूलभूत हक्क, वृत्तपत्रस्वातंत्र्य, न्यायालयं असं बोलायचो. एकदा एक म्हातारा सालदार शांतपणे ऐकून घेऊन म्हणाला, "तुमची लोकशाही गेली म्हनता जी, पन थे आमच्या मोहल्ल्यात आल्ती कवा?" सगळे हसले. मीही हसलो आणि मनात नोंद केली: अडाणी आहे, समजवावं लागेल. निकाल लागला तेव्हा ती नोंद पक्की झाली.

२१ मार्चला आणीबाणी उठली. माझ्या लेखी विषय तिथे संपला होता.

२०१८ साली राज्य सरकारने आणीबाणीत तुरुंगवास भोगलेल्यांना मानधन सुरू केलं. पुढे २०२० मध्ये ते बंद झालं आणि २०२२ मध्ये पुन्हा चालू झालं, हा महाराष्ट्राच्या राजकारणाचा वेगळा विनोद आहे. मानधन सुरू झालं त्या सुमारास नागपूरच्या काही मित्रांनी आठवणींची एक स्मरणिका काढायचं ठरवलं आणि नरखेड-काटोलकडचा भाग माझ्याकडे दिला. मी निवृत्त, हाताला काम हवंच होतं. मोवाड, जलालखेडा, बेलोना, सावरगाव अशी गावं फिरलो. प्रश्न एकच: आणीबाणीत तुमच्याकडे काय झालं?

पेठेतल्या घरांत उत्तरं तयार होती. कोण आत गेला, कुणाच्या घराची झडती झाली, शाखा बंद पडली तरी भजनाच्या निमित्ताने कसे जमत होते. मजुरांच्या आणि बौद्ध मोहल्ल्यांत मात्र प्रश्नच पोचत नव्हता. जून १९७५ ही तारीख त्यांच्याकडे नव्हतीच. पण त्या काळातलं म्हणून एक गोष्ट मला पुन्हा पुन्हा ऐकू आली, आणि ती माझ्या धड्यात कधी नव्हती: सावकाराकडे गहाण पडलेली भांडी आणि चांदी परत आली.

मी घरी येऊन वाचत बसलो. ऑगस्ट १९७५ मध्ये महाराष्ट्र सरकारने कर्जमुक्तीचा वटहुकूम काढला, त्याचा पुढे कायदा झाला. लहान शेतकरी, शेतमजूर, गावकारागीर यांची सावकारी कर्जं त्याने रद्द केली आणि गहाण वस्तू परत करायला लावल्या. सावकार सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. जानेवारी १९७७ मध्ये तिथेही कायदा टिकला. म्हणजे मी ज्या महिन्यात हक्कांची भाषणं पाठ करत होतो त्याच महिन्यात. त्या कायद्याचं पुढचं रामायण काही गोड नाही. सावकारी लपून सुरू झाली, व्याज वाढलं, बँक काही मजुराच्या दारात आली नाही. तरी एका कुटुंबाच्या घरात पितळी गुंड परत येणं म्हणजे काय, हे ज्याच्या घरातून कधी गुंड गेलाच नाही त्या माझ्यासारख्याला कळायला चाळीस वर्षं जावी लागली.

यावरून कुणी आणीबाणीचं गुणगान काढू नये. ज्या म्हातारीने मला गुंडाची गोष्ट सांगितली तिनेच पुढचं वाक्य सांगितलं: "गुंड घरी आला थ्याच साली, आन् यायचं आप्रेशन बी थ्याच साली झालं, गुर्जी." १९७६-७७ या एका वर्षात देशभर ८१ लाखांवर नसबंद्या झाल्या, हे शाह आयोगाने नोंदवलं आहे. महाराष्ट्राच्या विधिमंडळाने तर तीन मुलांनंतर सक्तीने नसबंदी करण्याचं विधेयकच १९७६ मध्ये मंजूर केलं होतं. राष्ट्रपतींची संमती आली नाही म्हणून आपण वाचलो. शाळामास्तरांना 'केस आणा' म्हणून तगादा असे, आणि केस म्हणून कोण आणला जायचा हे सांगायला नको. बागायतदाराला कुणी आणत नव्हतं.

तर त्या बाईकडे दोन्ही हिशेब होते, आणि मतं मागायला तिच्या दारात कोण उभं होतं? आम्ही. बागायतदाराचा कॉलेजात शिकणारा मुलगा, सावकाराचा पुतण्या, शाखेतले दोघं-तिघं. आम्ही तिला सांगत होतो की आम्ही आलो की स्वातंत्र्य येईल. गावात आधीपासून आम्हीच होतो. आम्ही आल्यावर काय येतं हे तिला नीट माहीत होतं. तिने गाय-वासरावर शिक्का मारला. ते मत बरोबर होतं असं मी आजही म्हणत नाही. इंदिराबाई पुन्हा निवडून आल्या असत्या तर पुढे काय झालं असतं कुणास ठाऊक. पण ते झोपेतलं मत नव्हतं. जुलै १९७७ मध्ये इंदिराबाई विनोबांना भेटायला पवनारला आल्या, जानेवारी १९७८ मध्ये त्यांनी वेगळी काँग्रेस काढली, आणि महिन्याभराने विधानसभेला विदर्भाने त्यांच्या नव्याकोऱ्या पंजाला भरभरून मतं दिली. उरलेला महाराष्ट्र तोंडात बोट घालून बघत राहिला. मी तेव्हा चिडलो होतो. आता वाटतं, इतक्या लोकांनी इतक्या ठामपणे दोनदा एकच उत्तर दिलं, तर प्रश्न कुणी आणि कसा विचारला हे तपासायला हवं होतं.

हा झाला सोपा भाग.

रोजगार हमी योजना १९७२ पासून चालूच होती, वि. स. पागे यांच्या कल्पनेतून निघालेली. १९७७ साली तिचा कायदा झाला आणि २६ जानेवारी १९७९ पासून तो लागू झाला. काम मागितल्यापासून पंधरा दिवसांत काम, नाहीतर रोजचा एक रुपया बेकारी भत्ता. रक्कम हसण्यासारखी, पण कायद्याने सरकारकडे बोट दाखवून 'तू माझं देणं लागतोस' म्हणण्याची सोय मजुराला पहिल्यांदा झाली. मजुरांनी काम मागितलं, हजेरीपट निघाले, गिट्टी फोडायला आणि मुरूम टाकायला माणसं जाऊ लागली. हजेरी बुडवली, चुकारा थकवला तर बाया काटोलच्या तहसीलवर जाऊन बसू लागल्या. पुढारी त्यांच्यात कुणी नव्हता. जी थोडं वाचू शकत होती ती पुढे.

आमच्या घरी याचा अर्थ वेगळा होता. बागेच्या मजुरीचा भाव आता आमच्या ओट्यावर ठरत नव्हता. बाबा म्हणाले, "तोडा तोंडावर आला अन् हे निघाले गिट्टी फोडायला." गावातल्या बागायतदारांनी मिळून अर्ज करायचं ठरवलं की तोडणीच्या महिन्यांत या भागातली हमीची कामं बंद ठेवावीत. अर्ज लिहिला मी. शिकलेला मीच होतो. त्या अर्जात मी असंही लिहिलं की देशात नुकतीच लोकशाही पुन्हा स्थापन झाली आहे, अशा नाजूक काळात गावातला सलोखा बिघडवणाऱ्या मागण्यांना प्रोत्साहन मिळू नये. वाक्य चांगलं जमलं म्हणून बाबांनी ते चारचौघांत वाचून दाखवलं.

'नाजूक काळ' हा शब्दप्रयोग मी त्या दोन वर्षांत फार वापरला. नामांतराच्या वेळी सर्वांत जास्त.

१८ जुलै १९७८ ला मुंबईत शरद पवारांचं पुलोद सरकार आलं. त्यात जनता पक्ष होता, म्हणजे माझ्या हिशेबाने आमचं सरकार. २७ जुलैला विधिमंडळाच्या दोन्ही सभागृहांनी मराठवाडा विद्यापीठाला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचं नाव देण्याचा ठराव केला. लगेच मराठवाड्यात दलित वस्त्या पेटल्या आणि सरकारने ठराव थंड्या बस्त्यात टाकला. नागपुरात लोक रस्त्यावर उतरले. ४ ऑगस्टला इंदोऱ्यात पोलिसांनी गोळीबार केला, माणसं मेली. दहा नंबर पुलाजवळ त्यांचं स्मारक आहे. पुढच्या वर्षी, ११ नोव्हेंबर १९७९ ला, दीक्षाभूमीवरून प्रा. जोगेंद्र कवाडे यांच्या नेतृत्वाखाली लाँग मार्च निघाला, औरंगाबादेला चालत. बुलढाणा जिल्ह्यात खडकपूर्णेच्या पुलावर पोलिसांनी तो अडवला, लाठ्या चालवल्या, लोकांना तुरुंगात नेलं.

आमच्या तालुक्यातूनही माणसं गेली होती. जायच्या आधी त्यातला एक जण, कॉलेजात माझ्याबरोबर होता, मला भेटायला आला. यावंस असं त्याने म्हटलं नाही. फक्त जातोय म्हणून सांगितलं. मी त्याला अर्धा तास समजावलं. आणीबाणी आत्ता कुठे संपली आहे. केंद्रात सरकार पडलं आहे, इंदिरा गांधी परत यायच्या बेतात आहेत. अशा वेळी आपणच रस्त्यावर गोंधळ घातला तर लोक म्हणतील, यापेक्षा आणीबाणी बरी. नाव काय, आज ना उद्या मिळेलच. धीर धरा. तो चहा पिऊन गेला. नाव १४ जानेवारी १९९४ ला मिळालं, तेही नामविस्तार होऊन. लोकांनी सोळा वर्षं धीर धरला म्हणून ते मिळालं नाही, हे आता सांगायची गरज नाही.

माझं म्हणणं अगदीच घरचं नव्हतं, हे मला निवृत्तीनंतर कळलं. स्पेन, पोर्तुगाल, लॅटिन अमेरिका इथल्या हुकूमशाह्या कशा गेल्या यावर गिलेर्मो ओ'डॉनेल आणि फिलिप श्मिटर या अभ्यासकांचं १९८६ चं लेखन प्रसिद्ध आहे. त्यात एक ठरावीक क्रम येतो. राजवट जरा सैल झाली की दबलेला समाज उसळून उठतो, संघटना, मोर्चे, मोहल्ला समित्या. मग निवडणूक येते, पक्ष पुढे होतात आणि रस्ता ओसरतो. लष्कर आणि धनिक बिथरणार नाहीत इतपतच रेटा असावा, असा त्यातला सावध सूर. स्पेनमध्ये हे जवळजवळ असंच झालं. १५ जून १९७७ ला, आपल्यानंतर तीन महिन्यांनी, तिथे निवडणूक झाली. १९७९ च्या नगरपालिका निवडणुकांनंतर माद्रिदच्या वस्त्यांमधल्या रहिवासी संघटनांचे बिनीचे लोक पालिकेत गेले आणि संघटना रित्या झाल्या. चिलीत १९८३ पासून गरीब वस्त्यांनी पिनोशेविरुद्ध निदर्शनं केली, १९८८ च्या कौलात तो हरला, आणि १९९० मध्ये नवं सरकार आल्यावर त्याच वस्त्यांना सांगितलं गेलं की आता जरा दमाने घ्या.

पहिल्यांदा हे वाचलं तेव्हा मला बरं वाटलं. जगातली शहाणी माणसं तेच म्हणत होती जे मी म्हणत होतो! मग चिलीचं पुढचं वाचलं. पिनोशे सत्तेवरून गेला पण १९९८ पर्यंत सैन्याचा प्रमुख होता. तिथे 'दमाने घ्या' म्हणणाऱ्यापाशी निदान एक कारण होतं: बराकीत बसलेला, रागावला तर परत येऊ शकणारा सेनापती. आमच्याकडे कोण होतं? भारतात आणीबाणी लष्कराने आणली नव्हती आणि लष्कर ती परत आणणार नव्हतं. ४४ व्या घटनादुरुस्तीने १९७८ मध्ये 'अंतर्गत अशांतता' हे कारणच काढून टाकलं होतं. नामांतर दिलं असतं, हमीची मजुरी वेळेवर दिली असती, तर बिथरलं कोण असतं? मराठवाड्यातले गावपुढारी. आमच्याकडचे बागायतदार. मी ज्या नाजूक गोष्टीला जपा म्हणत होतो ती लोकशाही नव्हती, आमचा ओटा होता. हे एकदा दिसल्यावर मग दुसरं काही दिसेना.

आणि ताळा करायला माझ्याच आयुष्यातलं उदाहरण होतं. १९८० नंतर शरद जोशींची शेतकरी संघटना विदर्भात आली. कापसाच्या भावासाठी रास्ता रोको, रेल रोको. एकाधिकार खरेदीच्या रांगा, ग्रेडरची मनमानी, हप्त्यांनी मिळणारे चुकारे, सगळा राग त्यात होता. बिल्ला लावून मी त्या आंदोलनांत गेलो. डिसेंबर १९८६ मध्ये सुरेगावला कापूस आंदोलनावर गोळीबार झाला, शेतकरी मेले, तेव्हा मी वर्गात रडलो होतो. लोकशाही नाजूक आहे, धीर धरा, असं तेव्हा मी एकदाही म्हणालो नाही. ती मागणी माझी होती.

मथुरेच्या खटल्याने मात्र माझा उरलासुरला क्रमही मोडला. हे प्रकरण आमच्याच विदर्भातलं, तेव्हाच्या चंद्रपूर जिल्ह्यातल्या देसाईगंज पोलीस ठाण्यातलं, मार्च १९७२ चं. मथुरा नावाची आदिवासी मुलगी, बलात्काराचा आरोप असलेले दोन पोलीस. सत्र न्यायालयाने त्यांना सोडलं. नागपूर खंडपीठाने ऑक्टोबर १९७६ मध्ये शिक्षा दिली. साल पाहा: आणीबाणीचं. आणि सर्वोच्च न्यायालयाने त्यांना पुन्हा सोडलं ते सप्टेंबर १९७८ मध्ये, लोकशाही परत येऊन दीड वर्ष झाल्यावर. त्या निकालाविरुद्ध १९७९ मध्ये उपेंद्र बक्षी, वसुधा धागमवार, लतिका सरकार, रघुनाथ केळकर या चौघा कायद्याच्या प्राध्यापकांनी खुलं पत्र लिहिलं, १९८० मध्ये देशभर बायका रस्त्यावर आल्या, नागपुरात सीमाताई साखरे यांनी स्त्री अत्याचारविरोधी परिषद उभी केली, आणि १९८३ मध्ये कायदा बदलला. कोठडीतला बलात्कार हा वेगळा गुन्हा ठरला. आता यातला कोणता दिवस लोकशाहीचा म्हणायचा? मी शिकवत होतो तो, २१ मार्च, मथुरेच्या उपयोगाचा नव्हता. तिच्या नावाने बायकांनी जे केलं ते पुढे दुसऱ्या मुलींच्या उपयोगाला आलं.

अर्जेंटिनातल्या आयांचं उदाहरण मला म्हणून चिलीपेक्षा जवळचं वाटतं. ब्युनॉस आयर्सच्या प्लाझा दे मायो चौकात हरवलेल्या मुलांच्या आया पहिल्यांदा जमल्या ३० एप्रिल १९७७ ला. आमचा विजयोत्सव तेव्हा जेमतेम ओसरत होता. १९८३ मध्ये तिथे लष्करशाही गेली, निवडून आलेलं सरकार आलं. आया दर गुरुवारी येतच राहिल्या. नव्या सरकारला त्यांचा त्रासच झाला. पण आमची मुलं कुठे आहेत, या प्रश्नाला सरकार निवडून आलेलं आहे हे काही उत्तर होत नव्हतं.

स्मरणिकेसाठी लिहिलेल्या लेखात मी यातलं बरंचसं घातलं. संपादक मित्र मिसाखाली नाशिकच्या तुरुंगात होता, पूर्ण काळ. त्याने लेख वाचून मला घरी बोलावलं. रागावला होता. म्हणाला, "आम्ही आत सडलो ते तू एका पितळी गुंडाएवढं करून टाकलंस." मी म्हटलं, लहान काही केलेलं नाही, शेजारी ठेवलं आहे. मग त्याने जे विचारलं त्याचं उत्तर अजून माझ्याकडे पूर्ण नाही. "२१ मार्च झाला नसता तर तुझा लाँग मार्च दीक्षाभूमीच्या फाटकाबाहेर तरी पडला असता का? ते खुलं पत्र कुणी छापलं असतं?"

नसतं छापलं. सुरगावची बातमी कुठे छापली गेली होती? प्रभाकर शर्मांनी जाळून घेतलं आणि देश हलला नाही, कारण देशाला कळलंच नाही. खडकपूर्णेवर लाठ्या खाल्लेली माणसं तुरुंगातून सुटून घरी आली आणि पुढच्या वर्षी पुन्हा मोर्चात उतरली; १९७६ मध्ये ती सुटली नसती. एवढं मी त्याला लगेच देऊन टाकलं. दार तुम्हीच उघडलंत, म्हटलं. पण उघडल्यावर आत येऊ लागलेल्यांना उंबऱ्यावर थोपवणाऱ्यांत मी होतो, आणि तूही होतास. इंदोऱ्यात गोळी चालली त्या दिवशी तू कुठे होतास?

तो थोडा वेळ आठवत बसला. "मुंबईत," म्हणाला. "मिसाबंदींचा सत्कार होता. आमच्या मंत्र्यांच्या हस्ते."

त्याने हे सांगितलं नसतं तर मला कधी कळलंही नसतं. बातमी संध्याकाळी तिथे पोचली होती, पण कार्यक्रम पुढे चालू राहिला, हेही त्यानेच सांगितलं. मग आमचं भांडण गुंडाकडून नामांतराकडे आणि तिथून माझ्या त्या जुन्या अर्जाकडे गेलं, जो मी त्याला तोपर्यंत कधी सांगितला नव्हता. अर्जावर तो मोठ्याने हसला. लेख त्याने काटछाट न करता छापला आणि खाली चार ओळींची टीप टाकली की लेखकाच्या मतांशी संपादक मंडळ सहमत नाही. टीप त्याने स्वतः लिहिली होती, आणि त्यातल्या दोन ओळी माझ्या युक्तिवादापेक्षा चांगल्या होत्या. आमचा वाद चालू आहे.